पुन्हा दाखल करण्याच्या परवानगीसह

आमच्या घरी पासपोर्ट, केतुबा आणि घराची कागदपत्रे ज्या पत्र्याच्या डब्यात ठेवलेली आहेत, त्याच डब्यात अलिबागच्या जिल्हा न्यायालयातील एका हुकुमाची नक्कल आहे. हुकूम जेमतेम दीड पानाचा. त्यातला कामाचा मजकूर एवढाच, की वादींना आपला दावा मागे घेण्यास मुभा देण्यात येत आहे, त्याच कारणावरून नवा दावा दाखल करण्याच्या परवानगीसह. आणि वादींनी प्रतिवादीस खर्चापोटी पाच हजार रुपये द्यावेत. कागद २०१९ सालचा. वादी म्हणजे आमचे थोरले बंधू आणि आम्ही. प्रतिवादी म्हणजे आमचे चुलतबंधू, ज्यांना लहानपणापासून आम्ही दादा म्हणत आलो.

वाचकांपैकी कित्येकांच्या घरी असा एखादा कागद असेल. कोकणातले घर, पुढे अंगण, मागे नारळी-पोफळीची वाडी, आणि सातबाऱ्यावर जो मागे राहिला त्याचे नाव. ही गोष्ट आपल्या समाजात नवी नाही. आमचे घरगाऱ्हाणे गाण्यासाठी आम्ही लेखणी उचललेली नाही. पण त्या दीड पानात एक प्रश्न दडलेला आहे आणि तो आम्हांला गेली काही वर्षे स्वस्थ बसू देत नाही. भांडण मागे घ्यायचे, पण पुन्हा भांडण्याचा हक्क राखून ठेवायचा, हे नीतीला धरून आहे काय? आमच्या व्याह्यांनी हुकूम वाचला आणि लगेच म्हणाले, “ही कसली माघार? तलवार म्यानात घातलीत, पण मूठ काही सोडली नाहीत.” आम्ही हसलो खरे, पण ते बोलणे मनात राहून गेले.

आधी कायदा काय म्हणतो ते सांगितले पाहिजे, कारण पुष्कळांची अशी समजूत असते की ही वकिलांनी काढलेली पळवाट आहे. भारतातली दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची. तिच्या तेविसाव्या आदेशातला पहिलाच नियम या माघारीचा आहे. सज्ञान वादीला आपला दावा केव्हाही सोडून देता येतो. त्याला कोणी धरून ठेवीत नाही. मात्र नुसता सोडला, तर त्याच कारणावरून त्याच माणसाविरुद्ध त्याला पुन्हा न्यायालयात येता येत नाही. पुन्हा यावयाचे असेल तर सोडतेवेळीच, प्रतिपक्षाच्या समक्ष, तशी परवानगी मागावी लागते. ती मागितली म्हणजे मिळते असेही नाही. दाव्यात असा एखादा औपचारिक दोष असावा लागतो की ज्यापायी तो पडणारच, किंवा तितकेच पुरेसे दुसरे कारण असावे लागते. शिवाय न्यायाधीश अटी घालू शकतात. आम्हांला पाच हजारांची पडली ती याच अन्वये.

अपिलातही हाच अधिकार चालतो, पण तेथे एक खाचखळगा आहे. नुसते अपील मागे घेतले, तर खालच्या न्यायालयाचा निकाल जशाचा तसा उभा राहतो. आणि नवे अपील करावे म्हटले तर त्याची मुदत, जिल्हा न्यायालयात तीस दिवस व उच्च न्यायालयात नव्वद, केव्हाच उलटून गेलेली असते. म्हणून आमच्यासारख्या खाली हरलेल्या वादीला अपिलात उभे राहून मूळ दावाच मागे घ्यावा लागतो, म्हणजे खालचा निकालही पुसला जातो. आमच्या घरात मात्र सगळे ‘अपील मागे घेतले’ असेच म्हणतात, तेव्हा आम्हीही तसेच म्हणू. आणखी एक गोष्ट त्याच आदेशाच्या दुसऱ्या नियमात आहे, जी आमच्या बंधूंना वकिलांनी दोनदा समजावून सांगितली. परवानगी मिळाली म्हणून घड्याळ थांबत नाही. पहिला दावा जणू कधी झालाच नव्हता, असे धरून मुदत मोजायची. म्हणजे दार उघडे ठेवले जाते, पण ते किती वेळ उघडे राहील हे परवानगी देणाऱ्याच्या हाती नसते.

याच तत्त्वाचा एक निवाडा मध्य प्रदेशातल्या सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस या मोटारकंपनीच्या प्रकरणात १९८६ साली भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने दिला. कंपनीने उच्च न्यायालयातला आपला रिट अर्ज परवानगी न मागता मागे घेतला आणि काही काळाने त्याच विषयावर दुसरा केला. न्यायालयाने तो चालणार नाही म्हणून सांगितले. कारण असे की, माणसे आपल्याला सोयीचे न्यायाधीश बसेपर्यंत अर्ज घालीत व काढीत बसतील. पण त्याच निवाड्यात एक अपवाद राखून ठेवला. कोणाला बेकायदेशीर डांबून ठेवले असेल, त्याच्या सुटकेचा अर्ज असेल, तर त्याला हे तत्त्व लागू नाही. आम्ही कायदा शिकलो नाही, आयुष्यभर मुलांना भूगोल आणि गणित शिकवले. पण हा अपवाद वाचून बरे वाटले. इथल्या न्यायालयांतही ‘मेहिका’ आणि ‘देहिया’ यांत जो फरक करतात तो आपल्यापैकी अनेकांना अनुभवाने ठाऊक असेल. दावा नुसता पटावरून काढला तर पुन्हा येता येते. फेटाळला तर येता येत नाही.

आता आमच्या दाव्यातला तो ‘औपचारिक दोष’ कोणता होता हे सांगणे भाग आहे, आणि सांगताना लाज वाटते.

घर आणि वाडी आजोबांची. त्यांना दोन मुलगे: थोरले आमचे काका, म्हणजे दादांचे वडील, आणि धाकटे आमचे वडील. आम्ही हीच मांडणी लहानपणापासून ऐकली होती आणि हीच वकिलांना सांगितली. निम्मे त्यांचे, निम्मे आमचे. दादांच्या वकिलांनी कैफियतीत पहिल्याच पानावर लिहिले की, या दाव्यात सर्व वारस आणलेले नाहीत. आम्हांला वाटले, ही नेहमीची आडकाठी. खालच्या न्यायालयाने त्याच मुद्द्यावर दावा फेटाळला. भारतातल्या यहुद्यांना वारसाच्या बाबतीत १९२५ चा भारतीय वारसा कायदा लागू आहे, आणि मृत्युपत्र न करता गेलेल्या माणसाच्या मुलामुलींत तो फरक करीत नाही; मुलीला मुलाइतकाच वाटा. आजोबांनी मृत्युपत्र केलेले नव्हते. आणि आजोबांना एक मुलगीही होती.

आत्याला आम्ही विसरलो होतो असे म्हणणे खरे नाही. तिच्या मांडीवर आम्ही खेळलो आहोत. मुंबईहून सुटीत येताना ती आमच्यासाठी पेपरमिंटच्या गोळ्या आणी. सणाला तिच्या हातच्या चिकाच्या हलव्याशिवाय घरात कोणाचे चालत नसे. पण ‘हिस्सा’ हा शब्द उच्चारला की ती आमच्या डोळ्यांपुढे येतच नव्हती. दादा बेइमान झाले, त्यांनी आमचे नाव वगळले, असा टाहो आम्ही सात वर्षे न्यायालयात फोडला. आणि फोडताना तिचे नाव आम्हीच वगळले होते. कायदा याला औपचारिक दोष म्हणतो. कायद्याच्या दृष्टीने तो तसा असेलही. आमच्या घरापुरता तो दोष तीन पिढ्यांचा होता, आणि दाव्याच्या कागदावर प्रथमच तो कोणीतरी लिहून दाखवला.

येथे व्याह्यांच्या बोलण्याला पहिले उत्तर आम्हांला सापडले. परवानगी मागण्यासाठी आम्हांला शपथेवर लिहून द्यावे लागले की आमच्या दाव्यात चूक आहे. राखून ठेवलेला हक्क फुकट मिळाला नाही. आपली चूक चारचौघांत कबूल करून मिळाला. नुसते अपील सोडून दिले असते, तर आम्ही मोठ्या मनाचे ठरलो असतो आणि आत्याचे नाव पुन्हा कोणी काढले नसते.

नीतीच्या पुस्तकात क्षमा ही पूर्ण असावी असे लिहिलेले असते. अर्धी क्षमा म्हणजे क्षमाच नव्हे. ते मान्य. पण व्यवहारात आपण काय करतो? आमच्या पाहण्यात अशी माणसे आहेत की ज्यांनी योम किप्पूरच्या आदल्या दिवशी गळ्यात गळा घालून ‘झाले गेले विसरून जाऊ’ म्हटले, आणि पुढच्या लग्नात पंगतीला कोण आधी बसले यावरून तेच वीस वर्षांपूर्वीचे प्रकरण अथपासून उभे केले. त्यांनीही हक्क राखूनच ठेवला होता. फक्त कोणाला सांगितला नव्हता. दुसऱ्याला वाटले वाद मिटला, आणि तो बेसावध राहिला. उघड राखलेल्या हक्कापेक्षा हा गुप्त राखलेला हक्क अधिक वाईट, असे आमचे मत आहे. निदान दादांना माहीत होते की आम्ही परत येऊ शकतो.

आपल्या समाजाच्या इतिहासातही अशी एक माघार आहे. १९६२ साली इथल्या मुख्य रब्बींच्या कार्यालयाने बेने इस्राएल माणसाच्या लग्नापूर्वी त्याची वंशावळ मागे जाईल तितकी तपासावी अशा सूचना काढल्या. त्याविरुद्ध आपल्या लोकांनी १९६४ च्या उन्हाळ्यात येरुशलाइममध्ये ठिय्या दिला. त्या ऑगस्टमध्ये क्नेसेतने ठराव केला की बेने इस्राएल हे सर्वार्थाने यहुदी आहेत, आणि पुढे सूचनांतून आपल्या समाजाचे नाव काढले गेले. सूचना मात्र शिल्लक राहिल्या. फक्त त्या आता कोणा एका समाजाच्या नावाने नव्हत्या. तरी आपली माणसे उठली आणि घरी गेली. सर्व मिळाले म्हणून उठली नाहीत. नाव निघाले, तेवढ्यावर आजचा दिवस संपवू आणि पुन्हा गरज पडली तर पुन्हा येऊ, असे म्हणून उठली. १९९७ साली पेताह तिकव्यात लग्नाच्या नोंदणीवरून तोच प्रश्न डोके वर काढू लागला तेव्हा समाज पुन्हा रस्त्यावर आला. त्या बांधवांना कोणी म्हणेल काय, की तुम्ही १९६४ साली क्षमा केली होती, आता बोलू नका? तो अन्याय पुन्हा होण्याजोगा होता. अशा ठिकाणी हक्क सोडून देणे हे औदार्य नसून पुढच्या पिढीच्या खिशातले पैसे आपण वाटून टाकणे आहे.

परंतु सगळी प्रकरणे अशी नसतात, आणि येथे आम्ही आमच्याच बाजूने फार बोललो असे वाटते. दुसरी बाजू मिश्नाच्या सान्हेद्रीन भागात फार मार्मिकपणे मांडलेली आहे. निकाल लागल्यावर हरलेल्या माणसाला नवा पुरावा सापडला तर काय? मिश्ना म्हणते की पुरावा आणील तेव्हा निकाल फिरू शकतो. मग लगेच प्रश्न येतो: न्यायाधीशांनी तीस दिवसांची मुदत दिली होती आणि पुरावा एकतिसाव्या दिवशी सापडला तर? विद्वान म्हणतात, उशीर झाला. रब्बान शिमोन बेन गमलिएल विचारतात, की ज्याला आधी सापडलाच नाही त्या बिचाऱ्याने काय करावे? आणि शेवटी एक तिसरा माणूस येतो. साक्षीदार नाहीत, कागद नाही असे सांगून बसलेला. पण निकाल आपल्याविरुद्ध जातो आहे असे दिसताच कमरेच्या कशातून कागद काढतो. त्याचे कोणी ऐकायचे नाही.

दोन हजार वर्षांपूर्वीच्या त्या लोकांनी हे किती बारकाईने पाहिले होते! ज्याला सापडले नाही तो एक, आणि ज्याने कमरेला बांधून ठेवले तो दुसरा. बाहेरून दोघे सारखेच दिसतात. आत्याचे नाव आम्हांला सापडले नव्हते की आम्ही ते कमरेला बांधून ठेवले होते, हे ठरवणे आम्हांला आजही जड जाते.

आणि यात एक माणूस असा आहे की ज्याच्याबद्दल कायद्याची भाषा कोरडी असली तरी विचार कोरडा नाही. तो म्हणजे जिंकलेला प्रतिवादी. २००० साली के. एस. भूपती विरुद्ध कोकिला या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बजावले की अपिलाच्या पायरीवर अशी परवानगी सहजासहजी देऊ नये, कारण एव्हाना प्रतिपक्षाच्या पदरात निकालाने काही पडलेले असते व ते हिरावले जाते. तलमुदात रब्बी शिमोन बेन मेनास्या यांचे मत याच वळणाचे आहे: निकाल कोणीकडे झुकतो ते न्यायाधीशाला कळण्यापूर्वी त्याने पक्षकारांना तडजोड करा म्हणावे, कळल्यानंतर म्हणू नये. आमच्या न्यायाधीशांनी आम्हांला परवानगी दिली ती आत्याच्या वारसांकडे पाहून, असे आम्ही समजतो. पण तिचा भार पडला दादांवर.

तो किती पडला हे आम्हांला २०२० च्या योम किप्पूरच्या आधी कळले. ते करोनाचे वर्ष. इथे सर्वत्र बंदी. आपले वाडवडील या सणाला दारफाळणीचा सण म्हणत आणि त्या दिवशी दारे लावून घरात बसत. त्या वर्षी सगळ्या देशानेच दारे लावली होती. सणाच्या आदल्या शुक्रवारी दादांचा फोन आला. दावा सुरू झाल्यापासून त्यांचा आवाज आम्ही ऐकला नव्हता. वय ऐंशीच्या घरात. आधी प्रकृतीची विचारपूस झाली, मुलाबाळांची झाली. मग म्हणाले, “जूनच्या वादळात मागल्या पडवीची सगळी कौलं उडाली. तुळई तडकली आहे. वाडीतली अकरा माडं आडवी. प्लास्टिक घालून पावसाळा काढला.”

निसर्ग चक्रीवादळ ३ जून २०२० रोजी रायगडच्या किनाऱ्यावर आदळले, हे आम्ही वाचले होते. घराची चौकशी मात्र केली नव्हती. चौकशी केली तर हक्क सांगितल्यासारखे होईल, आणि न करावी तर हक्क सोडल्यासारखे, अशा विचित्र पेचात आम्ही पडलो होतो.

“नवी कौलं घालायला माझी ना नाही,” दादा म्हणाले, “पण तुम्ही परत दावा टाकणार असाल, तर मी ती कोणाच्या घरावर घालू? एवढं सांग.”

आम्हांला उत्तर देता आले नाही. बंधूंशी बोलून सांगतो, म्हटले. दुसऱ्याचा अपराध क्षमा केल्याशिवाय योम किप्पूर आपले पाप धुऊन काढीत नाही, असे आपण म्हणतो. खरे शिकवण असे आहे की आपण ज्याला दुखावले त्याची समजूत घातल्याशिवाय ते धुतले जात नाही. या दोन वाक्यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे आणि आम्ही साठी ओलांडेपर्यंत सोयीचे तेवढेच धरून बसलो होतो. तोवर आम्ही सारा विचार आमच्या हक्काचा केला: तो राखावा की सोडावा, सोडला तर मोठेपणा, राखला तर लबाडी की शहाणपण. दादा रोज सकाळी उठून ते प्लास्टिक पाहत होते हे आमच्या हिशेबात कोठे नव्हते. हक्क राखणाऱ्याला राखलेला हक्क डब्यात ठेवून विसरता येतो. ज्याच्याविरुद्ध तो राखला आहे त्याला तो विसरता येत नाही.

बंधूंशी बोललो. त्यांचे म्हणणे अगदी टाकाऊ नव्हते. वडिलांनी मुंबईत गिरणीत असताना मनीऑर्डरी पाठवून वाडीतली विहीर बांधून घेतली होती. त्या पावत्या बंधूंकडे आहेत. “आज सोडलं तर त्या माणसानं तिथं काही केलंच नाही असं होईल,” असे ते म्हणतात. पैशांचा लोभ त्यांना नाही. कौलांच्या खर्चातला वाटा पाठवायलाही ते तयार झाले; पण वकिलांना विचारले, तेव्हा वकील म्हणाले की पाठवा, मात्र ‘आमच्या हक्कास बाध न येता’ असे सोबत लिहा. कौलांचे पैसे, तेही राखून! आम्ही ते पाठवले नाहीत.

२०२१ च्या रोश हशानाला शमिता वर्ष लागले. सातव्या वर्षी कर्जे सुटतात, म्हणून लोक कर्ज देईनासे झाले तेव्हा हिलेल यांनी प्रोझबुल काढला: येणे न्यायालयाच्या हवाली केल्याचे लिहून ठेवायचे, म्हणजे शमिता येऊन गेली तरी ते बुडत नाही. शाळेत मुलांना मी आपला म्हणून हा प्रोझबुल सांगितला असता तर मुलांनी विचारले असते, की मग तोराने सोडा म्हटले त्याचे काय झाले? आमचा व्याह्यांचाच प्रश्न तो. उत्तर असे की हिलेल यांनी सावकारासाठी ते केले नाही. गरिबाला कर्ज मिळावे म्हणून केले. हक्क राखण्याची सोय कोणाच्या उपयोगी पडते, यावर तिची परीक्षा. मिश्नात आणखी एक रीत सांगितली आहे. शमितानंतर ऋणको पैसे घेऊन आला, तर धनकोने म्हणावे की मी सोडले. आणि तरीही तो देतो म्हणाला, तर घ्यावेत. जमिनीतला हिस्सा हे कर्ज नव्हे, शमिताने तो सुटत नाही, हे आम्हांला ठाऊक आहे. पण आधी एकाने ‘सोडले’ म्हणायचे आणि मग दुसऱ्याने ‘तरीही’ म्हणायचे, ही त्या रीतीतली पायरी आमच्या मनात घर करून राहिली. न्यायालयात या दोन शब्दांना जागा नाही. फोनवर आहे.

त्याच वर्षी आम्ही आत्याच्या वारसांचा शोध सुरू केला. नवा दावा करायचा तर त्यांची नावे लागणारच होती. न करायचा तरी त्यांना विचारल्यावाचून सोडण्याचा आम्हांला अधिकार नव्हता. आत्याचा मुलगा मुंबईत वारलेला, त्याची मुले ठाण्यात. मुलीची मुलगी अश्दोदला, आमच्या घरापासून बसने तासाभरावर! ती तेथे राहते हे आम्हांला माहीत नव्हते. तिने चहा केला, सगळे शांतपणे ऐकून घेतले. जमिनीचा वाटा म्हणताच हसली. “मामा, मला तिथलं काही नको. मी ते गाव पाहिलेलंही नाही. पण आजीचं नाव त्या कागदावर आलं तर मला आवडेल. ती फार बोलायची त्या घराबद्दल.”

२०२२ च्या उन्हाळ्यात, शमिता संपण्यापूर्वी, आम्ही दादांना पत्र लिहिले. बंधूंनी त्यावर सही केली, पण वाचून झाल्यावर दोन दिवस घेऊन. पत्रात वकिली शब्द नव्हते. घर दुरुस्त करा. तुम्ही लावलेला पैसा पुढे कधी हिशेब झालाच तर तुमचाच धरू. आम्ही पुन्हा न्यायालयात जाऊच नये असे आम्हांला वाटते, पण गेलोच तर आधी तुम्हांला सांगून जाऊ. आणि तलाठ्याकडे वारसनोंद करताना आत्याचे नाव लावावे, आमची नावे लावायची की नाही ते तुम्ही ठरवा.

दादांचे उत्तर आले ते पोस्टाने, फोनने नव्हे. अक्षर आता कापरे झाले आहे, पण जुन्या मास्तरांनी घोटून घेतलेले वळण तेच. लिहितात, “आत्याचं नाव लावायला माझी हरकत नाही. ते आपल्या बापांनीच लावायला हवं होतं. तुमच्या नावांचं विचार करून कळवतो.”

त्यांचा विचार अजून चालू आहे. बंधू मधूनमधून विचारतात, मुदत किती उरली. आम्ही डब्यातला कागद काढून पाहतो आणि परत ठेवतो. कौले मात्र दादांनी त्याच दिवाळीनंतर घातली, मंगळुरी, आणि अश्दोदच्या भाचीने त्यांच्याकडून फोटो मागवून घेतला आहे.